बापाचं काम

बापाचं काम महिपतीला मिळालं, गड्याचं हिंदुरावला.

वारज्याच्या नव्या फ्लॅटमध्ये ऋषीने दोघांना सोफ्यावर बसवून काम समजावलं. हिंजवडीत टीम लीड झालेला पोरगा. सोयरीकही प्रोजेक्टसारखीच चालवत होता.

"तनुजाच्या घरी सांगितलंय, वडील बँकेतून मॅनेजर म्हणून रिटायर झालेत. तेवढं सांभाळा."

"आणि खरे वडील?" महिपतीने विचारलं.

"ते दाखवण्यासारखे नाहीत." ऋषीने मोबाइलमधून मानही वर केली नाही.

हिंदुराव खो खो हसला. मग म्हणाला, "बाप मी करतो. एकदा तरी बघ की करून."

"तुमचा चेहरा सज्जन माणसाचा नाही. लोक दचकतात."

दचकणारच. हिंदुरावचा सगळा जन्म भुताच्या सिनेमांत गेला. पडक्या विहिरीत आधी कोण डोकावतं? हिंदुराव. हडळ पहिला गळा कुणाचा धरते? हिंदुरावचा. मध्यंतराआधी मरायचं, मग पुढची मढी उचलायला गर्दीत उभं राहायचं. हल्ली केबलवर भर दुपारी ते सिनेमे लागतात आणि जेवणारी माणसं त्याच्या मरणावर हसतात.

आणि हा महिपती! नाट्यगृहातला नायक. अभिनय म्हणजे केसांची झुलपं आणि छातीतून काढलेला आवाज. त्याने मानधन आधीच मागून घेतलं. हिंदुरावने मागितलं नाही. मागून त्याला कधी काय मिळालं होतं?

रविवारी सकाळी पाहुणे आले. तनुजाचे वडील खडकवासल्याकडचे, जमीन विकून सोन्याने मढलेले. सोफ्यावर बसले ते जणू तोही विकत घ्यायचाय अशा थाटात.

हिंदुराव डोक्याला मुंडासं गुंडाळून पोहे फिरवत होता. महिपतीने भिंतीवरच्या हार घातलेल्या फोटोकडे पाहून डोळे टिपले.

"ही गेली आणि पोराला मी एकट्यानं वाढवलं."

रडताना गाढवाचं लक्ष मात्र कोटाच्या सुटू पाहणाऱ्या बटणावर. असला बाप असतो होय? हिंदुरावने बशी जरा जोरातच खाली ठेवली.

"पोरगं चांगलं हाय," तनुजाचे वडील म्हणाले. "नोकरी हाय, फ्लॅट हाय. समदं पटलं. तेवढं तुमचं देवक सांगा. एकच निघालं तर आमच्यात सोयरीक व्हत न्हाई."

महिपती प्रसन्न हसला. "हो, आहे ना! आत आहे. सागवानी. दर्शन घ्या ना."

तनुजाच्या वडिलांनी कप खाली ठेवला. "मॅनेजरसाहेब, मी देवघर न्हाई इचारलं. देवक इचारलं. लग्नात पुजता त्ये."

महिपतीचे ओठ हलले, आवाज काही छातीतून निघेना. ऋषीचा चेहरा पांढराफटक पडला. जगभरच्या कंपन्यांचे घोटाळे निस्तरणारा पोरगा, पण घरचं देवक कशाशी खातात ते ठाऊक नाही!

पाहुणे उठायला लागले.

"बसा की पावणं," हिंदुराव ट्रे घेऊन मधे आला. "मालकांची हयात गेली बँकेत. त्यांस्नी ह्यातलं काय ठावं? पंचपालवी हाय ह्या घराचं."

"पंचपालवी?" पाहुण्यांनी महिपतीकडे पाहिलं. महिपतीने घाईघाईने मान डोलावली. "आमचं कळंब. मग जमलं म्हणायचं. गडी जुना दिसतोय तुमचा."

"घरच्यासारखाच आहे," महिपती ऐटीत म्हणाला.

साखरपुड्याची बोलणी करून पाहुणे गेले. महिपती कोट सावरत, स्वतःवरच खूश होत लिफ्टमध्ये शिरला. दार बंद करून ऋषी स्वयंपाकघरात आला.

"मानलं तुम्हाला. ऐन वेळी काय थाप ठोकलीत! पंचपालवी! उद्या कुणी खोलात शिरलं तर?"

"थाप न्हवती ती," कप विसळत हिंदुराव म्हणाला. "तुझ्या आईशी लग्न लागलं तेव्हा हेच पुजलं होतं मी."