एकच लाल

“हा आणि हा, लाल एकच आहे ना?”

ओगुलबिकेनं लोकरीच्या दोन गुंड्या पुढे केल्या. जमिनीलगत आडव्या ताणलेल्या गालिच्याच्या मागावर चौघी ओळीनं बसल्या होत्या. थोरली सून मायसा, ओगुलबिकेची बहीण दुर्सुन, शेजारची तावूस, आणि टोकाला धाकटी सून सेल्बी. थंडी अजून पडायची होती आणि तिच्या लग्नाला दोन महिनेही झाले नव्हते.

सेल्बीनं दातांत धरलेलं ओढणीचं टोक सोडलं. सासूसमोर, घरातल्या एजेसमोर, म्हणजे आईसमोर, नव्या सुनेनं तोंड उघडायची रीत नव्हती. पण सासूनं सगळ्यांनाच विचारलं होतं आणि उत्तर तर डोळ्यांपुढे होतं.

“नाही, एजे,” ती हळूच म्हणाली. “उजवीकडची काळपट आहे. वाळल्या डाळिंबासारखी.”

गाठी ठोकणाऱ्या फण्या थांबल्या. मग मान वर न करताच मायसा म्हणाली, “एकच तर आहे.”

“एकच,” दुर्सुन म्हणाली.

तावूस वाकली, दोन्ही गुंड्या नीट बघितल्या आणि हसली. “जुळ्या बहिणी आहेत की गं.”

ओगुलबिके सेल्बीकडे वळली. “पोरी, पुन्हा बघ. घाई नाही.”

सेल्बीनं पुन्हा बघितलं. उजवीकडची काळपटच होती. तिचे कान तापले. या तिघींचा जन्म लोकरीत गेला. आपण कोण, काल आलेली पोर. उजेड कमी असेल, आपलीच नजर फसली असेल. ती बघत राहिली, आणि बघता बघता दोन्ही गुंड्या तिला खरंच सारख्या दिसायला लागल्या.

“एकच आहे, एजे,” ती म्हणाली आणि ओढणीचं टोक परत दातांत धरलं.

ओगुलबिकेनं मोठा श्वास सोडला. चेहरा उजळला तिचा. मागावर बसून तिनं ती काळपट गुंडीच ओढून घेतली.

दुपारी तंदूरपाशी मायसानं सेल्बीला गाठलं. “घाबरलीस होय? अगं, डोळे ठणठणीत आहेत तुझे.”

“मग जाऊबाई, तुम्ही तिघी…”

“एजेंची नजर अधू होत चाललीय. पण त्यांना सांगणार कोण? सगळ्या गावानं ज्यांच्याकडून विणायला शिकावं, त्यांना सांगायचं की तुम्हाला लाल कळेना? माग सुटला तर जगायच्या नाहीत त्या. पहिल्यांदा त्यांचा रंग चुकला तेव्हा मी गप्प बसले. मी गप्प म्हणून दुर्सुनमावशी गप्प. मग तावूस. कुणी काही ठरवलं नाही गं.” मायसानं भाकरीवरची राख झटकली आणि गरम तुकडा मोडून सेल्बीच्या हातात दिला. “आता तूही आमच्यातलीच.”

सेल्बीला हायसं वाटलं. सासरी आल्यापासून असं आपलेपणानं तिच्याशी कुणी बोललं नव्हतं.

त्या दिवसापासून ओगुलबिके जेवून आडवी झाली की चौघी कामाला लागत. तिनं चुकीच्या रंगात बांधलेल्या गाठी उसवायच्या आणि बरोबर लालानं पुन्हा बांधायच्या. एकीनं दारात लक्ष ठेवायचं. सेल्बीची बोटं सगळ्यांत चपळ. तावूस तिला ‘चोर’ म्हणून चिडवायची आणि चौघी तोंड दाबून हसायच्या. संध्याकाळी ओगुलबिके गालिच्यावरून हात फिरवत विचारायची, “कसं उतरलंय?”

“सुरेख,” चौघी म्हणायच्या. पुढे पुढे सेल्बीच आधी म्हणायची.

कडाक्याच्या थंडीत एका सकाळी ओगुलबिके पाहुण्यांना चहा देत होती. उकळता चहा वाटीत पडतोय असं समजून तिनं तो स्वतःच्या मांडीवर ओतला. वाटी होती हातभर पलीकडे. थोरल्या मुलानं त्याच दिवशी तिला शहरातल्या दवाखान्यात नेलं. सोबत बाईमाणूस हवं म्हणून सेल्बी गेली.

डॉक्टरीण तरुण होती. मांडीवर मलमपट्टी झाल्यावर तिनं डोळे तपासले. बराच वेळ तपासले.

“डोळ्यांतला दाब वाढत गेला, आजी. आतली नस सुकलीय. गेलेली नजर आता परत येत नाही. थंडी पडायच्या आधी आला असतात, तर साध्या थेंबांनी उरलेली तरी वाचली असती.” तिनं हातातली बॅटरी बंद केली. “इतके दिवस तुम्हाला शंकासुद्धा आली नाही?”

“आली होती ना,” ओगुलबिके म्हणाली. “म्हणून तर यांना विचारलं. धाकटीला त्या दिवशी मुद्दाम मागावर बसवलं. म्हटलं, बाकीच्या मला जपतील. ही नवी आहे, ही खरं सांगेल.”

सेल्बी सासूसमोर खालीच बसली. ओढणी तोंडात कोंबली तरी हुंदका आवरेना.

“मला दिसलं होतं, एजे. मी आधी सांगितलं पण. मग त्या सगळ्या एकच म्हणाल्या, आणि मी… मी बदलले.”

ओगुलबिकेचा हात हवेत चाचपडला. सेल्बीचं डोकं सापडल्यावर तो तिथेच थांबला.

“गप, पोरी,” ती म्हणाली. “त्या दोन गुंड्या मीच रंगवल्या होत्या. वेगवेगळ्या पातेल्यांत, एक मुद्दाम काळपट करून. तरी तुम्ही सगळ्या एकच म्हणालात, तेव्हा मलाही वाटलं, एकच असतील, माझे डोळे ठीक असतील. तू तर काल आलेली.”