पूर्वरंग

गावच्या देवळात चादर ताणून हेरंबचा सिनेमा लावला होता, पण हेरंबचे डोळे पुढे बसलेल्या कीर्तनकार वामनबुवांच्या पाठीवर खिळले होते. बावीस वर्षांपूर्वी बुवांच्या मागची झांज खाली ठेवून तो पळाला होता. "तोंडाला रंग फासून देव भेटणार आहे का रे?" एवढंच बुवा तेव्हा म्हणाले होते.

देवाचं राहू द्या, त्याच्या सिनेमांना थिएटरसुद्धा मिळालं नव्हतं. सगळे जगावेगळे, महोत्सवांपुरते. तरी कॅमेऱ्यापुढे उभं राहताना तो मनातल्या मनात बुवांना नमस्कार करी. या सिनेमात तर एका घरातली सातही माणसं त्यानं एकट्यानं, एका उपरण्यावर उभी केली होती. डोक्यावरून घेतलं की सासू, गुंडाळलं की सासरा. बुवा आख्यानात करायचे, अगदी तसंच. आज ही चोरी पकडली जाणार होती.

मध्यंतर झालं. बुवा काठी टेकत थेट त्याच्यापुढे आले. हातात हार आणि बुक्क्याची वाटी.

"बुवा, ते उपरणं तुमचंच..."

"माझं कुठलं, गाढवा? माझ्या गुरूंचं ते! पूर्वरंग संपला ना तुझा? मग कीर्तनकाराला बुक्का लावल्याशिवाय आख्यान सुरू होतं का कधी?"

कपाळावर बुवांचा अंगठा टेकला, गळ्यात हार पडला. भरल्या डोळ्यांनी हेरंब वाकू लागला, तसे बुवांनी त्याचे खांदे धरले.

"थांब. आत्ता कीर्तनकाराच्या जागी, नारदाच्या गादीवर तू आहेस," ऐंशी वर्षांचे बुवा म्हणाले, आणि स्वतःच खाली वाकले.