उसना आवाज

तांबडा दिवा लागला आणि लेनर्ड पास्कोच्या तोंडाला कोरड पडली.

समोरच्या पडद्यावर तो स्वतःच उभा होता, रुग्णालयाच्या जिन्यात, टोपी हातात धरून. ओठ इंग्रजीत हलत होते. शूटिंगच्या वेळी तो इंग्रजी बोलला होता, समोरची नटी फ्रेंच आणि म्हातारा डॉक्टर इटालियन. रोममध्ये चित्रपट असेच होत. ज्याला जे येईल ते त्याने बोलावं. आवाज मागाहून, या अंधाऱ्या खोलीत, इटालियनमध्ये भरायचे. लेनर्डचा आवाज गेली अकरा वर्षं ओरेस्ते भरत आला होता.

तेवीस चित्रपट. चेहऱ्याला अख्खी इटली ओळखत होती. पण बाजारात त्याने तोंड उघडलं की मासळीवालीचा चेहरा पडे. "सर्दी झालीय का हो?" असं एकीने विचारलंही होतं. नटाला याहून मोठी शिवी नसते. म्हणून या वेळी त्याने भांडून करारात घालून घेतलं होतं : आवाज माझाच. आवाज भरून घेणाऱ्या एर्सिलियाबाईंना पसंत पडला तर, अशी पुस्ती निर्मात्याने जोडली होती.

ओरेस्ते बाहेर बाकावर ज्येष्ठमध चघळत बसला होता. बुटका, टकला, पोट सुटलेला. "तुझं अडेल म्हणून नाही हं थांबलो," तो म्हणाला होता, "बाहेर ऊन फार आहे."

"तीनदा संधी देते," काचेमागून एर्सिलियाबाई म्हणाल्या. "कागदात तोंड खुपसू नकोस. ओठ बघ."

तुकडा सुरू झाला. लेनर्ड मागे पडला.

"ओठ मिटले तरी बोलतोयस! भूत आहेस का रे?"

ध्वनिमुद्रक नेविओ खुदकन हसला. दुसऱ्या वेळी एक अख्खा शब्द घशातच राहिला. लेनर्डच्या पाठीवरून घाम ओघळला. तिसऱ्या वेळी त्याने कागद खालीच ठेवला.

"तिला सांगा, मी आलो होतो."

शेवटचं अक्षर ओठांबरोबर मिटलं. नेविओने काचेमागून अंगठा दाखवला. जमलं होतं, लेनर्डला ठाऊक होतं.

सिगारेट पेटवून बाई काचेमागून बाहेर आल्या.

"स्वच्छ बोललास. आमची भाषा शिकलास कुठे?"

"घराजवळच्या थिएटरात!" लेनर्डला आनंद लपवता येईना. "माझेच चित्रपट बघून. एकेक दहा-दहा वेळा. मागच्या रांगेत बसून पुटपुटायचो."

नेविओने मान खाली घातली.

"तरीच," बाई म्हणाल्या. त्यांचा आवाज मऊ झाला होता, आणि त्याचीच लेनर्डला भीती वाटली. "अरे, तो मध्येच दम घेणं, शेवटी आवाज खाली घसरणं, सगळं ओरेस्तेचं आहे. नक्कल झकास करतोस. पण अस्सल माणूस बाहेर बसलेला असताना मी नक्कल कशाला घेऊ?"

"आणि माझा आवाज?"

"आमच्या भाषेतला? तो मी अजून ऐकलेला नाही. तू ऐकलायस?"

लेनर्डने ते वाक्य हळूच पुन्हा म्हणून पाहिलं. तोंडून ओरेस्तेचाच आवाज निघाला. जरा चढ्या आवाजात म्हटलं. तोही ओरेस्तेच, कुठल्याशा विनोदी चित्रपटातला. कुजबुजून म्हटलं, तरी तोच.

बाईंनी घड्याळाकडे पाहिलं. लेनर्डला रडू आलं होतं, पण ते गिळून तो दारापाशी गेला आणि त्याने दार उघडलं. ओरेस्ते धडपडत उठून उभा राहिला.

"काय झालं? जमलं का?"

"चल आत," लेनर्ड म्हणाला. "माझं बोलायचं राहिलंय."