तापाच्या गोळ्या
निर्णा गावात औषधांचं दुकान एकच, शोभाबाईचं. म्हणून तिच्या धाकट्या बहिणीचा नवरा पिराजी तापानं फणफणत, नाक पुसत नाइलाजानं तिथं आला.

"अक्का, तापाच्या गोळ्या दे."

"सकाळपासून काय काय घेतलास?"

"सर्दीच्या गोळ्या. तीन-चार."

शोभाबाईनं क्षणभर त्याच्याकडं रोखून पाहिलं आणि काढलेलं पाकीट परत आत ठेवलं. "त्यातबी तापाचंच औषध असतंय. वरून ह्या घेतलास तर लिव्हर जाईल. आता गोळी घेऊ नको, सरळ डॉक्टरला दाखव."

पिराजीचे डोळे भरून आले. "अक्का, अजून माझी काळजी करायलीस?"

"व्हय. उद्या बिदरच्या कोर्टात निकाल हाय. माझ्या भैनीला जाळणाऱ्याला मला बेड्यांत बघायचंय, तिरडीवर न्हाई."