चार मिनिटं कोणी बोलत नाही

बाळांनो, जरा डोळ्यांसमोर आणा: व्हिएन्नातलं छोटं चित्रपटगृह, मुलांनी गच्च भरलेलं. सगळे पडद्याकडे बघताहेत. एक बाई मात्र पडद्याकडे पाठ करून मुलांचे चेहरे बघताहेत.

त्या हेडविगबाई. वीस वर्षं त्यांनी जर्मन चित्रपटांच्या पटकथा लिहिल्या आणि वीस वर्षं निर्मात्यांनी त्यांतले शांत प्रसंग कापले. म्हणून शेवटी त्या स्वतःच निर्मात्या झाल्या. पडद्यावर चाललेल्या त्यांच्या या चित्रपटात एक मुलगा खाली पडलेलं पाखरू घरट्यात ठेवायला झाडावर चढतो, एक शब्दही न बोलता.

"चार मिनिटं कोणी बोलत नाही?" दाराशी त्यांच्या शेजारी उभे असलेले वितरक कोफ्लर कुजबुजले. "मुलं कंटाळतील, बाई. एक जरी उठलं, तरी हा प्रसंग कापायचा. नाहीतर चित्रपट मी लावणार नाही."

"कबूल," हेडविगबाई म्हणाल्या.

प्रसंग सुरू झाला आणि तिसऱ्या रांगेतली एक चिमुरडी उठलीच.

"बघा!" कोफ्लर हसले.

मुलगी दारापर्यंत गेली आणि तिथेच थांबली. फ्रॉक मुठीत घट्ट धरून, या पायावरून त्या पायावर नाचत ती पडद्याकडे बघत राहिली.

"अगं, शू लागलीये ना? जा की!" कोफ्लर म्हणाले.

"थांबा हो! पडेल ना तो!" ती त्यांच्यावरच खेकसली.

कोफ्लर ओशाळले. "राहू द्या तुमची चार मिनिटं, बाई."



पाखरू घरट्यात बसलं, तेव्हा कुठे ती मुलगी सुसाट पळाली.