बाहुलीची साक्ष
सासरे पडद्यामागून बाहुल्यांचे खेळ करत. सासूबाई सांगून थकल्या होत्या, "अगं, पडद्यामागे जाऊन यांचा एखादा फोटो काढून ठेव!" सुनेनं हसण्यावारी नेलं. पुढे सरकारनं सासऱ्यांना कलावंतांची पेन्शन नाकारली. खेळाच्या प्रत्येक फोटोत बाहुली, नाचवणारा कुठेच नाही. प्रकरण कोर्टात गेलं. न्यायाधीशांनी पुरावा मागितला. सासऱ्यांनी थरथरत्या हातात बाहुली चढवली, आणि थरथर थांबली. बाहुलीनं मान वेळावली, "साहेब, हा म्हातारा नुसता उभा असतो. राबते मी!" सरकारी वकील तिच्यावर खेकसले, "बाई, तुम्ही मध्ये बोलू नका!" "वकीलसाहेब, दटावताय कुणाला?" न्यायाधीशांनी हळूच विचारलं. वकिलांनी जीभ चावली. कडेवरच्या बाळासकट सून थक्क! बाहुलीकडे बघताना शेजारीच उभे असलेले सासरे तिलाही दिसलेच नव्हते. पेन्शन मंजूर झाली. तुम्हाला लहानपणी हसवणारं कुणी जवळपास असेल, तर जेवलात का, एवढं विचारून या.