भिंतीवरचं बोलावणं

चहा तयार झाला की मिस क्लेग शेगडीच्या सळईने शेजारच्या घराची आणि त्यांची सामाईक भिंत ठोकायच्या. इंग्लंडातल्या लँकेशायरच्या त्या गिरणीगल्लीत याचा अर्थ शेंबड्या पोरालाही ठाऊक होता: या, चहा तयार आहे. पण शेजारची म्हातारी वारली आणि मग ठोकायचं तरी कुणासाठी?

मग म्हातारीच्या त्या रिकाम्या घरात लंडनचे मिस्टर पेनफोल्ड राहायला आले. जर्मन लढाईत ते पलटणीच्या बँडमध्ये होते. संध्याकाळ झाली की ट्रॉम्बोन, म्हणजे तो लांब नळीचा पितळी बाजा, घेऊन बसायचे. रेडा रेकल्यासारखा आवाज, पण मिस क्लेगना आपल्याच घरात कुणी असल्यासारखं वाटायचं. शेवटी त्यांनी धीर केला, केक भाजला आणि भिंत ठोकली. ट्रॉम्बोन गप्प झाला. आलं मात्र कुणी नाही.

दुसऱ्या दिवशी पेनफोल्ड टोपी हातात घेऊन दारात उभे. “माफ करा, बाई. लंडनचे शेजारीही वैतागले की अशीच भिंत ठोकायचे. आज विकूनच टाकला बाजा. आता घरात बूट काढून मोज्यांवरच चालेन.”

‘अहो, चहाला बोलवत होते,’ हे मिस क्लेगच्या अगदी ओठांवर आलं. पण बाजा विकून आलेल्या माणसाला हे कोणत्या तोंडाने सांगायचं?

“बरं केलंत,” त्या म्हणाल्या. “मला शांतता लागते.”